प्रश्न वाचकांचे : ज्याला कोणी निवडलं नाही, तो मुख्य प्रशिक्षक कसा झाला?

प्रश्न : माझा भाचा न्यू ऑर्लिन्सला शिकतो. तो सांगतो की तिथल्या सेंट्स या अमेरिकन फुटबॉल संघाच्या मुख्य प्रशिक्षकाला खेळाडू म्हणून ड्राफ्टमध्ये कोणीच घेतलं नव्हतं आणि तो एनएफएल या तिथल्या व्यावसायिक लीगमध्ये मोजून तीन सामने खेळला. आपल्याकडे प्रशिक्षक म्हटलं की नावाजलेला माजी खेळाडू डोळ्यांसमोर येतो. मग हे कसं घडलं? आणि ड्राफ्टमध्ये राहून गेलेल्याला संघ घेतात तरी कसे?
— एक वाचक, ठाणे

उत्तर : भाच्याची माहिती अगदी बरोबर आहे. त्या प्रशिक्षकाचं नाव केलन मूर. फेब्रुवारी २०२५ मध्ये सेंट्सनी त्याला नेमलं तेव्हा तो ३६ वर्षांचा होता. मी डॅलसच्या उत्तरेला राहते. खेळाडू म्हणून त्याची शेवटची वर्षं आणि प्रशिक्षक म्हणून पहिली वर्षं इथल्याच काउबॉइज संघात गेली, त्यामुळे या माणसाबद्दल कोणी विचारलं की मला मनापासून आनंद होतो.

आधी ड्राफ्ट समजून घेऊ. तो आयपीएलसारखा लिलाव नव्हे, बोली लागतच नाही. कॉलेजमधून बाहेर पडणाऱ्या खेळाडूंना ३२ संघ ठरलेल्या क्रमानं एकेक करून उचलतात. आदल्या मोसमात जो तळाला राहिला त्याचा नंबर पहिला. अशा सात फेऱ्या होतात. २०१२ च्या एप्रिलमध्ये न्यूयॉर्कच्या रेडिओ सिटी म्युझिक हॉलमध्ये तीन दिवस हे चाललं आणि २५३ नावं पुकारली गेली. त्यांत ११ क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकून आक्रमण चालवणारे खेळाडू, होते. मूरही क्वार्टरबॅकच, पण तो त्यांत नव्हता. त्याच्या बॉइसी स्टेट विद्यापीठाच्या संघातले सहा जण मात्र होते, त्यांतले दोघं तर पहिल्याच फेरीत गेले.

आता त्याचं कॉलेजातलं खातं बघा. आयडाहो राज्यातल्या बॉइसी स्टेटचं मैदान निळ्या रंगाच्या गवतासाठी प्रसिद्ध आहे. तिथं तो चार वर्षं मुख्य क्वार्टरबॅक होता. ५० सामने जिंकले, ३ हरले. कॉलेज फुटबॉलच्या वरच्या श्रेणीत तोवर कोणत्याही क्वार्टरबॅकनं इतके सामने जिंकले नव्हते. आणि ते तीन पराभव? एक १ गुणानं, एक ३ गुणांनी, एक पुन्हा १ गुणानं. चार वर्षांत मिळून पाच गुण कमी पडले. तरी २५३ जणांत त्याला जागा नव्हती, कारण त्याची उंची जेमतेम सहा फूट आणि चेंडू फेकण्यात ताकद कमी. एनएफएलमध्ये बचाव करणारे इतके चपळ असतात की हवेत रेंगाळणारा चेंडू ते मधल्यामध्ये पळवतात. संघांची शंका अगदीच निराधार होती असं मी म्हणणार नाही. फक्त त्यांनी जे मोजलं त्यात त्याची सगळ्यात मोठी गोष्ट मावत नव्हती.

ती गोष्ट घरातून आली होती. वॉशिंग्टन राज्यातलं प्रॉसर हे छोटं गाव, तिथल्या हायस्कूल संघाचे प्रशिक्षक त्याचे वडील. मुलगा त्यांच्याच हाताखाली खेळला. धाकटा भाऊही पुढे प्रशिक्षक झाला. समोरचे अकरा जण कसे उभे आहेत यावरून ते पुढच्या क्षणी काय करतील हे ओळखणं, हे या घरातलं रोजचं बोलणं असणार.

ड्राफ्ट संपला की लगेच फोनाफोनी सुरू होते. राहून गेलेल्या खेळाडूंशी संघ थेट करार करतात. पैसे थोडे आणि शाश्वती काहीच नाही, पण एक सोय असते : तीन-चार संघांनी विचारलं तर कुठं जायचं हे खेळाडू ठरवतो. मूर डेट्रॉइट लायन्सकडे गेला. तिथला मुख्य क्वार्टरबॅक मॅथ्यू स्टॅफर्ड त्या सगळ्या वर्षांत एकही सामना चुकला नाही. परिणामी तीन मोसमांत मूरला लीगच्या सामन्यात एक चालही खेळायला मिळाली नाही. पण लायन्सच्या आक्रमणाची सूत्रं तेव्हा स्कॉट लिनेहन यांच्याकडे होती. पुढे लिनेहन डॅलसला आले आणि २०१५ मध्ये मूरही डॅलसच्या सराव-चमूत, म्हणजे प्रॅक्टिस स्क्वाडमध्ये, दाखल झाला.

बाकावरचा क्वार्टरबॅक आठवडाभर करतो काय, हे कळलं की बाकीचं सगळं आपोआप उलगडतं. तो सरावात प्रतिस्पर्धी संघाचा क्वार्टरबॅक होतो. प्रशिक्षक पुठ्ठ्यावर काढलेली चाल समोर धरतात, रविवारी ज्या संघाशी गाठ आहे त्याची, आणि हा आपल्याच बचावफळीपुढे ती हुबेहूब खेळून दाखवतो. पुढच्या आठवड्यात दुसरा संघ, दुसरी पद्धत. वर्षभरात अख्ख्या लीगची विचार करण्याची तऱ्हा त्याच्या डोक्यातून जाते. सामन्याच्या दिवशी तो कडेला उभा राहून टॅब्लेटवरचे फोटो मुख्य क्वार्टरबॅकला दाखवतो : बघ, हा गडी दोन पावलं मागं सरकलाय. हे प्रशिक्षकाचंच काम आहे, फक्त अंगात जर्सी असते.

डिसेंबर २०१५ मध्ये डॅलसचा मुख्य क्वार्टरबॅक टोनी रोमो जखमी होता. त्याच्या जागी आलेला ब्रँडन वीडन, जो २०१२ च्याच ड्राफ्टमध्ये पहिल्या फेरीत गेला होता, त्याला नोव्हेंबरमध्येच संघानं सोडून दिलं होतं. त्याच्यानंतर आलेल्या मॅट कॅसलचाही सूर हरपला आणि जेट्सविरुद्ध मूर मैदानात आला. तीन चेंडू प्रतिस्पर्ध्यांच्या हाती गेले. बफेलोमध्ये पुढचा सामना, तोही हरला. ३ जानेवारी २०१६ ला वॉशिंग्टनविरुद्धचा शेवटचा सामना आम्ही घरी टीव्हीवर पाहत होतो. डॅलस तो हरला, पण मूरनं ४३५ यार्ड चेंडू फेकला आणि तीन टचडाउन दिले, म्हणजे त्याच्या फेकीवर तीनदा चेंडू प्रतिस्पर्ध्यांच्या शेवटच्या रेषेपार गेला. मला त्या दिवशीचा त्याचा हात आठवतो. चाल सुरू होण्याआधी तो बोटानं एकेकाकडे खूण करत होता, याला डावीकडे सरकवत होता, त्याला मागं बोलावत होता. चेंडू हातात यायच्या आतच त्याचं निम्मं काम झालेलं असायचं.

क्वार्टरबॅकच्या हेल्मेटमध्ये छोटा स्पीकर असतो, त्यातून प्रशिक्षक पुढची चाल सांगतो. दोन चालींमध्ये साधारण ४० सेकंद मिळतात. घड्याळात १५ सेकंद उरले की तो आवाज आपोआप बंद पडतो, आणि पुढचं सगळं त्या एकट्यानं बघायचं. मूर या तारेच्या एका टोकाला तीनच सामने होता. त्याची खरी जागा दुसऱ्या टोकाला होती.

तिकडे जाण्याची वाट सुखाची नव्हती. ऑगस्ट २०१६ च्या सराव शिबिरात त्याचा पाय मोडला. त्याच्या जागेवर चौथ्या फेरीतला नवखा डॅक प्रेस्कॉट सरकला. काही आठवड्यांत रोमोच्या पाठीला दुखापत झाली, प्रेस्कॉट थेट मुख्य क्वार्टरबॅक झाला आणि संघानं १३ सामने जिंकले. मूरचा पाय शाबूत असता तर ती संधी कोणाला मिळाली असती, यावर इथं अजूनही वाद रंगतो. पुढल्या वर्षी मूर पुन्हा सराव-चमूत होता, आणि २०१८ च्या सुरुवातीला त्यानं खेळणं थांबवून काउबॉइजच्या क्वार्टरबॅकांचा प्रशिक्षक होणं स्वीकारलं. म्हणजे ज्यानं आपली जागा घेतली त्या प्रेस्कॉटलाच घडवायचं. हे करायला मन केवढं मोठं लागत असेल!

वर्षभरात, वयाच्या तिसाव्या वर्षी, त्याला सगळ्या आक्रमणाची जबाबदारी मिळाली, तीही लिनेहन यांच्या जागी. इतक्या झटपट बढतीवर इथं बरीच कुरकुर झाली. २०१९ मध्ये आक्रमणात कमावलेल्या एकूण यार्डांत काउबॉइज लीगमध्ये पहिले आले, २०२१ मध्ये यार्ड आणि गुण दोन्हींत. बाद फेरीत मात्र गाडी अडत राहिली, आणि २०२३ च्या जानेवारीत सॅन फ्रान्सिस्कोकडून १९-१२ असा पराभव झाल्यावर डॅलसनं त्याच्याशी फारकत घेतली. एक वर्ष लॉस एंजेलिस चार्जर्सकडे गेलं, ते फारसं चांगलं नव्हतं. मग २०२४ मध्ये फिलाडेल्फिया ईगल्स. तिथं त्यानं चेंडू फेकण्याची आपली आवड बाजूला ठेवून, चेंडू घेऊन पळणाऱ्या सेक्वॉन बार्कलीच्या धावांवर आक्रमण उभं केलं. बार्कलीनं त्या मोसमात २००५ यार्ड धाव घेतली, जे लीगच्या इतिहासात फार थोड्यांना जमलंय. ९ फेब्रुवारी २०२५ ला ईगल्सनी सुपर बोलमध्ये, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्यात, कॅन्सस सिटीला ४०-२२ असं हरवलं. सामना झाला तो न्यू ऑर्लिन्सच्या सुपरडोममध्ये, म्हणजे सेंट्सच्याच घरच्या मैदानावर, आणि दोनच दिवसांनी सेंट्सनी त्याला मुख्य प्रशिक्षक नेमलं.

भाच्याला एवढंही सांगा की त्याच्या शहराला हे नवं नाही. सेंट्सना २०१० च्या फेब्रुवारीत सुपर बोल जिंकून देणारे शॉन पेटनसुद्धा ड्राफ्टमध्ये राहून गेलेले क्वार्टरबॅक होते. १९८७ च्या खेळाडूंच्या संपात शिकागोनं जे बदली खेळाडू उभे केले त्यांतले एक. ईगल्सचे आधीचे विजेते प्रशिक्षक डग पीडरसन यांचीही तीच गोष्ट. मूरला डॅलसमध्ये प्रशिक्षक म्हणून घेणारे जेसन गॅरेट हेही तसेच.

प्रश्न : पण जो स्वतः मैदानात मोठं खेळलाय तो प्रशिक्षक म्हणून अधिक चांगला ठरणार नाही का? खेळाडू त्याचंच ऐकतील.
— एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : पहिल्या दिवशी ऐकतील, हे खरं. त्याचं उदाहरणही ड्राफ्टमध्ये राहून गेलेल्यांतलंच देते. जेफ सॅटर्डे १९९८ मध्ये कोणी निवडला नाही. इंडियानापोलिस कोल्ट्सनी त्याला घेतलं आणि तो नामांकित क्वार्टरबॅक पेटन मॅनिंगला चेंडू देणारा सेंटर म्हणून दशकभर खेळला, सहा वेळा प्रो बोल या लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या सामन्यासाठी निवडला गेला, सुपर बोल जिंकला. नोव्हेंबर २०२२ मध्ये कोल्ट्सनी मोसमाच्या मध्यावर त्याला हंगामी मुख्य प्रशिक्षक केलं. हायस्कूलच्या पलीकडे शिकवण्याचा अनुभव नव्हता. पहिला सामना जिंकला, उरलेले सातही हरला. त्यातला एक मिनेसोटाविरुद्ध, जिथं मध्यंतराला कोल्ट्स ३३-० असे पुढे होते. एनएफएलच्या इतिहासात इतकी मोठी आघाडी कोणी गमावलेली नाही.

सॅटर्डेला मी कमी लेखत नाही, तो फार मोठा खेळाडू होता आणि त्याला विस्कटलेला संघ मिळाला होता. पण आठवड्याचं नियोजन कसं करायचं, आघाडीवर असताना घड्याळ कसं खेळवायचं, हे खेळाडूच्या अंगात आपोआप येत नाही. मूर एक वर्ष क्वार्टरबॅकांना शिकवत होता, सहा वर्षं आक्रमण चालवत होता, मग मुख्य झाला. मला विचाराल तर हीच वाट बरी.

प्रश्न : आम्ही टेक्सासमध्ये फ्रिस्कोला राहतो. मुलगा हायस्कूलच्या संघात दुसऱ्या क्रमांकाचा क्वार्टरबॅक आहे. अख्खा मोसम बाकावर गेला. ह्यांचं म्हणणं, वेळ फुकट जातोय, सोडून दे. मुलगा ऐकत नाही. काय करावं?
— एक आई

उत्तर : ताई, तो सामन्याहून घरी आला की काय बोलतो ते आधी ऐका. मला का घेत नाहीत, एवढंच बोलत असेल आणि चेहरा पडलेला असेल, तर तुमच्या ह्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. पोरानं खेळावं म्हणून खेळ असतो. पण जेवताना तो समोरच्या संघानं मध्यंतरानंतर काय बदललं, आपल्या मुख्य क्वार्टरबॅकला ते का दिसलं नाही, हे सांगत असेल, तर त्याला मुळीच काढू नका. शिष्यवृत्तीची किंवा एनएफएलची स्वप्नं त्याला दाखवू नका, ते फार थोड्यांच्या वाट्याला येतं. त्याच्या प्रशिक्षकांना मात्र त्यानं स्वतः जाऊन दोन गोष्टी विचाराव्यात : सरावात प्रतिस्पर्ध्याच्या चाली खेळवायचं काम मला देता का, आणि तुम्ही सामन्याचं चित्रण पाहायला बसता तेव्हा मी शेजारी बसू का? तुम्ही विचारायला जाऊ नका, ते त्यालाही आवडणार नाही आणि त्यांनाही. बहुतेक प्रशिक्षक दुसऱ्या प्रश्नाला आनंदानं हो म्हणतात, कारण तो विचारणारी मुलं फारशी नसतात. ह्यांना म्हणावं, पुढच्या मोसमाच्या अखेरीपर्यंत थांबा. आणि मधल्या काळात एखाद्या शुक्रवारी रात्री सामन्याला जाऊन, चेंडू कुठं चाललाय ते सोडून बाजूला उभ्या असलेल्या आपल्या मुलाकडे बघा.