तीन मिनिटं प्लँक टिकतो, तरी धावताना हॅमस्ट्रिंग (मांडीमागचा स्नायू) पुन्हा का ओढला जातो?

तीन मिनिटं पुरेत, आता वाढवू नका. प्लँकची, म्हणजे कोपरांवर अंग ताठ धरून राहायची, मिनिटं मोजायचा नाद कोचमंडळींनी लावलाय, त्याचा धावण्याशी संबंध फार थोडा. धावताना पाय पुढे फेकला की पाऊल टेकायच्या जरा आधी हॅमस्ट्रिंग सगळ्यात लांब झालेला असतो. नेमकं तेव्हा पेल्विस (कमरेखालचा हाडांचा कटोरा) पुढे कललं, की बसायचं हाड वर जातं. स्नायूचं वरचं टोक त्याच हाडाला, म्हणजे ताणलेल्या दोरीला आणखी हिसका.

माझ्याकडे आलेल्या एका धावपटूचा प्लँक अडीच मिनिटं सहज टिकायचा. तिला उताणं झोपवून डेड बग (हात-पाय वर धरून विरुद्ध हात-पाय सावकाश खाली न्यायचा व्यायाम) करायला लावलं आणि कमरेखाली तळहात ठेवला. उजवी टाच जमिनीपासून वीतभर वर असतानाच हातावरचा दाब गेला, म्हणजे कंबर उचलली जाऊन पेल्विस पुढे कललं, बरगड्या फुलून वर आल्या, श्वास अडकला. डावीकडे असं काही नाही. दुखावलेला पाय उजवाच होता.

तुम्हीही असंच तपासा. गुडघे-मांड्या काटकोनात, तोंडाने पूर्ण श्वास सोडत विरुद्ध हात-पाय 5 सेकंदांत खाली न्या. कंबर उचलली जायच्या आत थांबा. जमिनीला टाच टेकवणं हे ध्येयच नाही. प्रत्येक बाजूने 6, असे 3 सेट. बाजूचा प्लँक 10-10 सेकंदांचाच, पण अनेकदा. हे सुटसुटीत जमलं की एका पायावर उभं राहून पुढे वाकणं, मग आडव्या चालीची छोटी पावलं, आधी सावकाश, मग वेगात.

स्ट्रेचिंगवाल्यांशी माझा वाद जुना आहे, म्हणून सांगतो. शेरी आणि बेस्ट या संशोधकांनी 2004 मध्ये हॅमस्ट्रिंग दुखावलेल्या 24 खेळाडूंवरचा अभ्यास छापला. स्ट्रेचिंग आणि एकट्या हॅमस्ट्रिंगच्या ताकदीचे व्यायाम करणाऱ्यांत, वर्षभर माग ठेवता आलेल्या 10 पैकी 7 जण पुन्हा जखमी झाले. धड सांभाळत हालचाल शिकलेल्या 13 पैकी एकच. गट लहान होता, हे खरं. पण तेव्हापासून नुसतं ताणत बसायला मी कुणाला सांगत नाही.

अर्थात स्नायूची ताकद सोडायची नाही. नॉर्डिक कर्ल (गुडघ्यांवर बसून, घोटे धरून ठेवलेले असताना अंग सावकाश पुढे झुकवायचा व्यायाम) हवेतच, पण दुखणं शमल्यावर. आणि ओढ बसली तेव्हा 'टप्प' आवाज आला असेल, मांडी काळीनिळी पडली असेल किंवा मुंग्या पायात खालपर्यंत उतरत असतील, तर यातलं काहीही करण्याआधी डॉक्टरांकडून तपासून घ्या.