विचारा बिनधास्त: घटका पालथी केली तर?

प्रश्न: नमस्कार भाऊ, मी अकोला जिल्ह्यात खारपाणपट्ट्यातल्या गावात राहतो, दिवसा शेती आणि रात्री फॅन्टसी कादंबरी लिहून राहिलो. राज्य पूर्ण काल्पनिक आहे, उडणारे रेडे वगैरे सगळं आहे. नायिकेच्या कमरेला तांब्याचं छोटं घटिकापात्र लटकवलेलं असते, ते पालथं केलं की काळ एक घटका मागं जाते. दोस्तायले वाचून दाखवलं तर हसले ना सगळे, म्हणे मंग ते पोरगी पालथं करत करत पेरणीच्या आधीच काऊन नाही जात, दुसरं पीक घे म्हणा तिले. मले उत्तर सुचून नाही राहिलं. यंत्र काढून टाकू काय?

उत्तर: काढू नका हो, यंत्र झकास आहे. फक्त तुम्ही पात्र घेतलं आणि ते चालतं कसं हे वापरलंच नाही. जुन्या लग्नांत घंगाळात पाणी भरून त्यावर तांब्याची वाटी सोडायचे, तिच्या बुडाला बारीक भोक, त्यातून पाणी आत येत येत वाटी बुडाली की एक घटका भरली, म्हणजे आपली २४ मिनिटं. दिवसाच्या अशा ६० घटका. आता नियम असा करा की पाण्यावर सोडलेली वाटी बुडायच्या आत पालथी केली तर ज्या क्षणी सोडली त्याच क्षणी परत, त्याच्या मागं एक पळही नाही. झालं, दोस्तांची बोलती बंद, पेरणीच्या आधी वाटी सोडलीच नव्हती तर जाणार कुठं? आणि हे मी मनानं सांगत नाहीये, भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८८ मध्ये वर्महोलपासून (म्हणजे अवकाशातल्या दोन जागा जोडणारा कल्पनेतला बोगदा) कालयंत्र होऊ शकतं का याचं गणित मांडलं त्यातही हेच आहे, यंत्र तयार व्हायच्या आधीच्या काळात त्यातून जाता येत नाही.

यातून गोष्टीला किती माल मिळतो बघा. संकट येणार हे माहीत नसताना वाटी सोडून ठेवायला लागणार, म्हणजे तुमचा राजा दरबारात दिवसभर वाटीवर नजर ठेवायला माणूस बसवेल आणि त्या माणसाला लाच द्यायला शत्रू येईलच. पाणी संथ पाहिजे, म्हणजे उडत्या रेड्यावर बसून हा खेळ जमणार नाही (चांगलंच आहे, नाहीतर शेवटची लढाई कोणी वाचली नसती). आणि तुम्ही खारपाणपट्ट्यातले, क्षार म्हणजे काय ते मी तुम्हाला सांगायची गरज नाही, तुमच्याकडचं बोअरचं पाणी वाटीत रोज वापरलं तर भोकाच्या कडेला पांढरं किटण धरणार, भोक बारीक होणार, वाटी उशिरा बुडणार आणि घटका लांबणार. कोणी मुद्दाम खाऱ्या पाण्यात वाटी चालवून चार मिनिटं जास्तीची चोरतो, असा व्हिलन करा ना!

वयाचं विसरू नका. काळ मागं गेला तरी पोरीचं शरीर पुढंच जातं. रोज २० घटका परत जगली तर ८ तास जास्तीचे झाले, वर्षाला जवळपास ४ महिने. दोनच वर्षांत ती मैत्रिणींपेक्षा आठ महिन्यांनी मोठी, आणि भूक वेगळीच, आई म्हणणार किती खाऊन राहिली वं तू!

राहिलं एकच, मागं जाऊन झालेलं बदलता येतं की नाही. दोन्ही चालतं पण अर्धं हे अर्धं ते करू नका. मला विचाराल तर न बदलणारं घ्या. म्हणजे गोठा पेटला तेव्हा बैलांची दावी कोणीतरी आधीच सोडून ठेवलेली असतात, कोणी सोडली कळत नाही, आणि वीस पानांनी नायिका वाटी पालथी करून मागं येते आणि दावी स्वतःच सोडते. रशियन शास्त्रज्ञ नोविकोव यांचं म्हणणंही याच अंगानं जातं, मागं जाणारा माणूस जे करेल ते त्या इतिहासात आधीपासून धरलेलंच असतं. लिहायला अवघड आहे, मागचं पुढचं जुळवत बसावं लागतं, पण वाचणाऱ्याला लय मजा येते.

प्रश्न: खरोखर असं काही आहे का हो, का सगळ्या गोष्टीच? (एक वाचक, वणी)

उत्तर: मागं जायचं काही नाही. पुढं जायचं आहे, पण चिमूटभर. १९७१ मध्ये हाफेल आणि कीटिंग या दोघांनी अणुघड्याळं साध्या प्रवासी विमानातून जगाभोवती फिरवून आणली तर जमिनीवरच्या घड्याळापेक्षा त्यांच्यात सेकंदाच्या अब्जांश भागांत फरक पडलेला होता, आइन्स्टाइनच्या हिशेबाप्रमाणेच. तुमच्या मोबाईलला रस्ता दाखवणाऱ्या जीपीएस उपग्रहांची घड्याळं दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढं पळतात, ते दुरुस्त करावंच लागतं नाहीतर वणीचा रस्ता दुसऱ्याच गावात नेईल. आणि कल्पना म्हणाल तर आपल्याकडे केवढी जुनी आहे बघा, पुराणातला ककुद्मी राजा आपल्या पोरीला, रेवतीला, घेऊन ब्रह्मदेवाकडे स्थळ विचारायला गेला, गाणं संपेपर्यंत थांबला, तेवढ्यात खाली पृथ्वीवर २७ चतुर्युगं (चार युगांचा एक फेरा, असे २७) उलटली. स्थळ शेवटी बलरामाचं निघालं, पण पोरगी जुन्या युगातली म्हणून फार उंच, तर त्यानं नांगरानं खाली ओढून आपल्याएवढी केली म्हणे.

प्रश्न: पोरानं गेममधल्या लाईफ भरायच्या म्हणून मोबाईलची तारीख पुढं केली, आता व्हॉट्सॲप उघडत नाही. (एक आई, आर्वी)

उत्तर: सेटिंगमध्ये तारीख आणि वेळ ऑटोमॅटिक करा ताई, उघडेल. पोराला वरच्या कादंबरीवाल्या भाऊंकडे पाठवून द्या, त्यांना व्हिलन पाहिजेच आहे.