स्कॅनरवर चेसिस नंबराची तीनच अक्षरे का दिसतात?

निपाणीच्या सदस्यांचा प्रश्न असा आहे : कोल्हापूरहून घेतलेल्या एमएच-०९ पासिंगच्या जुन्या मारुतीला त्यांनी स्वस्तातला ब्लूटूथ स्कॅनर (गाडीच्या संगणकातील माहिती मोबाइलवर दाखवणारे उपकरण) लावला, तेव्हा ॲपमध्ये चेसिस नंबराच्या जागी ‘एमए३’ एवढेच उमटले, आणि आरसीवर मात्र पूर्ण १७ अक्षरी क्रमांक आहे, तर गाडीत काही काळेबेरे असेल का? माझ्या मते संशय घ्यायचाच तर तो आधी स्कॅनरवर घ्यावा. नेमकी तीनच अक्षरे दिसणे हाच त्याचा पुरावा आहे.

स्टिअरिंगखालच्या १६ पिनांच्या सॉकेटमध्ये ६ आणि १४ या पिनांवर कॅनच्या, म्हणजे गाडीतल्या संदेशवहनाच्या जाळ्याच्या, दोन तारा येतात, आणि त्यांवरून जाणाऱ्या एका संदेशात फक्त ८ बाइट मावतात. स्कॅनर मोड ०९ मधील ०२ ही माहिती, म्हणजे चेसिस नंबर, मागतो, तेव्हा इंजिनच्या ईसीयूला (इंजिन चालवणाऱ्या संगणकाला) एकूण २० बाइट पाठवायचे असतात : ४९ ०२ ०१ हे सुरुवातीचे तीन आणि चेसिस नंबराचे १७. पहिल्या संदेशात दोन बाइट लांबी सांगण्यात जातात, तीन सुरुवातीचे, म्हणजे नंबरासाठी तीनच उरतात. ते पाठवून ईसीयू थांबतो आणि ‘पुढचे पाठव’ अशी परवानगी स्कॅनरकडून येण्याची वाट पाहतो. परवानगी मिळाली तर सात-सात अक्षरांचे आणखी दोन संदेश येतात आणि तीन, सात, सात मिळून १७ भरतात. न मिळाल्यास ईसीयू गप्प बसतो. तुमचा स्कॅनर परवानगी पाठवत नसावा किंवा ॲप पहिली ओळ वाचूनच थांबत असावे. गाडी कॅनच्या आधीच्या के-लाइन या पद्धतीची असती, तर हाच नंबर पाच तुकड्यांत आला असता आणि पहिल्या तुकड्यात फक्त ‘एम’ दिसले असते, कारण तिथे आधी तीन शून्य बाइट भरलेले असतात.

खात्री करायची असेल, तर ते ॲप बाजूला ठेवून ब्लूटूथ टर्मिनल, म्हणजे स्कॅनरला थेट आज्ञा टाइप करता येणारे ॲप, वापरा. इंजिन सुरू न करता किल्ली ‘ऑन’वर ठेवा आणि एटीझेड, एटीएसपी०, ०९०२ या आज्ञा एकामागून एक, अर्थातच रोमन अक्षरांत, टाइप करा. स्कॅनर धड असेल तर प्रथम ०१४ (सोळाच्या पद्धतीतले १४, म्हणजे आपले २०) आणि मग ०, १, २ असे क्रमांक असलेल्या तीन ओळी येतील. पहिल्या ओळीत ४९ ०२ ०१ नंतर ४डी ४१ ३३ दिसेल. ४डी म्हणजे ‘एम’, ४१ म्हणजे ‘ए’ आणि ३३ म्हणजे ‘३’, आणि भारतात एमए३ हा मारुती सुझुकीचाच संकेत आहे. अंक ३० ते ३९ मध्ये आणि अक्षरे ४१ ते ५ए मध्ये असतात, त्यामुळे उरलेले वहीवर सुद्धा उलगडता येते. ‘नो डेटा’ आले, तर इंजिनच्या ईसीयूचा पत्ता एटीएसएच ७ई० असा देऊन २२एफ१९० विचारून पाहा. ६२ एफ१ ९० ने सुरू होणाऱ्या उत्तरात तोच नंबर मिळतो. त्यालाही ७एफ असे नकारार्थी उत्तर आले, तर त्या ईसीयूने नंबर देण्याची सोयच ठेवलेली नसू शकते. तो गाडीचा दोष मानू नये.

आता खऱ्या काळजीची बाब. पूर्ण नंबर आला आणि तो आरसीशी जुळला नाही, तर काय? ईसीयू स्वतःच्या स्मृतीत लिहिलेला नंबर सांगतो. पत्र्यावर काय ठोकले आहे हे त्याला ठाऊक नसते. २०१९ च्या ऑगस्टमधील पुरात बुडालेली माझ्या नात्यातील एक गाडी बेळगावच्या उद्यमबागेतल्या एका गॅरेजमध्ये दुसऱ्या गाडीतला जुना ईसीयू बसवून (इमोबिलायझर, म्हणजे किल्ली ओळखणारी चोरीरोधक यंत्रणा, जुळवण्यात दोन दिवस गेले, ते वेगळे) सुरू झाली, आणि तेव्हापासून ती स्कॅनरला त्या दुसऱ्या गाडीचाच नंबर सांगते. त्या गाडीत चोरीचे काही नव्हते. पण ईसीयू बदलल्याचे बिल मात्र जपून ठेवावे लागले. बिल नसलेला विक्रेता असे काही सांगू लागला, तर मी तिथेच व्यवहार थांबवीन.

परिवहन कार्यालयापुढे पत्र्यावरचा नंबरच चालतो. गाडी १२ महिन्यांहून अधिक निपाणीत, म्हणजे कर्नाटकात, ठेवायची असेल, तर नव्याने नोंदणी घ्यावी लागते आणि त्यासाठीच्या ना-हरकत अर्जावर, म्हणजे फॉर्म २८ वर, चेसिसची पेन्सिल छाप लागते. छाप वाचताना लक्षात ठेवा, की या क्रमांकात आय, ओ आणि क्यू ही रोमन अक्षरे वापरतच नाहीत; तुम्हाला जो ‘ओ’ वाटतो तो शून्य असतो. स्कॅनरचा नंबर, छाप आणि आरसी हे तिन्ही अक्षर-अक्षर जुळवून पाहा.

काम झाल्यावर स्कॅनर काढून ठेवा, कारण १६ व्या पिनेवर बॅटरीचा प्रवाह किल्ली काढल्यावरही चालू राहतो. टर्मिनलवर जे उमटेल ते इथे लिहा, पण क्रमांक २ ची ओळ आली की नाही एवढेच सांगा, तिच्यातले बाइट देऊ नका. तुमच्या गाडीचा अनुक्रमांक त्याच ओळीत असतो.