वाचकांचे प्रश्न, कायद्याची उत्तरे : गावातील गॅसवितरण आणि उच्च न्यायालय

प्रश्न : आमच्या भागासाठी ग्रामीण गॅस वितरक नेमला आहे, परंतु त्याची गाडी गावात येत नाही, तीन किलोमीटरवरच्या फाट्यावर थांबते. भरलेली टाकी बायका डोक्यावर आणतात आणि पावतीपेक्षा 50 रुपये जास्त मोजतात. सरकारचे हे धोरणच चुकीचे आहे, असे म्हणून आमच्या बचत गटाला उच्च न्यायालयात जाता येईल का?
– एक वाचक, बीड जिल्हा

उत्तर : ताई, भरलेल्या टाकीत 14.2 किलो गॅस असतो आणि रिकाम्या टाकीचेच वजन त्याहून थोडे अधिक भरते. एवढे ओझे तीन किलोमीटर वाहावे लागणे हा अन्याय आहे, याविषयी माझ्या मनात शंका नाही. तरीही याचिकेत केवळ ‘धोरण चुकीचे आहे’ एवढेच लिहिले, तर ती टिकणे कठीण आहे. कमी मागणीच्या ग्रामीण भागात थोड्या भांडवलावर चालणाऱ्या लहान एजन्सी असाव्यात, या विचाराने 2009 मध्ये राजीव गांधी ग्रामीण एलपीजी वितरक योजना आली. याहून चांगली योजना आखता आली असती का, हे न्यायालय तपासत नाही. बाल्को कंपनीच्या निर्गुंतवणुकीच्या प्रकरणात 2001 साली सर्वोच्च न्यायालयाने हीच भूमिका घेतली होती.

मात्र निर्णय मनमानी असेल, तर न्यायालय मागे राहत नाही आणि याचे उत्तम उदाहरण गॅसच्याच क्षेत्रातले आहे. ऑगस्ट 2002 मध्ये, वर्तमानपत्रांतून वशिलेबाजीचे आरोप होताच, जानेवारी 2000 पासून निवड मंडळांच्या शिफारशीवरून दिलेले पेट्रोलपंप, गॅस एजन्सी व रॉकेलची वितरणे केंद्र सरकारने सरसकट रद्द केली. ओंकारलाल बजाज खटल्यात त्याच वर्षीच्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने हा आदेश रद्दबातल ठरवला. गुणवत्तेवर निवड झालेला आणि वशिल्याने आलेला यांना एकाच मापाने मोजणे म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद 14 मधील समानतेचा भंग, असे न्यायालयाने म्हटले आणि आक्षेप असलेली 413 प्रकरणे दोन निवृत्त न्यायाधीशांच्या समितीकडे सोपवली.

म्हणून आपल्या याचिकेचा रोख धोरणावर नव्हे, तर धोरणाप्रमाणे न वागण्यावर ठेवा. सरकारी तेल कंपनी ही घटनेच्या दृष्टीने ‘राज्य’ आहे आणि स्वतःच केलेले नियम तिला मोडता येत नाहीत. वितरक खासगी व्यक्ती असल्यामुळे दाद मुख्यतः कंपनीविरुद्ध मागावी लागेल. त्यासाठी आधी माहितीच्या अधिकाराखाली कंपनीकडून दोन गोष्टी मागवा : त्या वितरकाला नेमून दिलेल्या गावांची यादी आणि घरपोच सेवेबाबतच्या त्याच्या करारातील अटी. यादीत आपले गाव असेल आणि अटींत घरपोच सेवा असेल, तर आपली बाजू भक्कम होते. कंपनीकडे लेखी तक्रार करून तिची पोच जपून ठेवा. प्रत्येक पावतीच्या मागे तारीख, टाकी कोठे मिळाली आणि प्रत्यक्षात किती पैसे दिले, हे त्याच दिवशी लिहा. महिनाभराच्या अशा दहा-बारा पावत्या गावकऱ्यांच्या शंभर सह्यांपेक्षा मला अधिक मोलाच्या वाटतात.

दिरंगाई मात्र करू नका. मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाच्या ठेक्याबाबत 1979 साली, सरकारी संस्थेने स्वतःचे निकष पाळलेच पाहिजेत, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने ठामपणे मांडले. तरीही याचिकाकर्त्याला दाद मिळाली नाही, आणि त्याचे एक कारण म्हणजे तो उशिरा आला होता. आपल्या जिल्ह्यासाठी छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ आहे. वकिलाच्या खर्चाची चिंता असेल, तर 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी साहाय्य मिळते. त्याचा अर्ज तालुका विधी सेवा समितीकडेही देता येतो.

प्रश्न : सासूबाईंना अजून आधार क्रमांक मिळालेला नाही. त्यांचे गॅस अनुदान नाकारता येईल का?
– एक वाचक, नंदुरबार जिल्हा

उत्तर : अनुदानासाठी आधार मागण्याची तरतूद सर्वोच्च न्यायालयाने 26 सप्टेंबर 2018 च्या निकालात वैध ठरवली आहे. परंतु क्रमांक मिळालेला नसेल, तर ओळख पटवण्याचा पर्यायी मार्ग दिला पाहिजे, असे आधार कायद्याच्या त्याच कलम 7 मध्ये लिहिलेले आहे. त्यांची आधार नोंदणी करून घ्या आणि नोंदणीची पावती जोडून या कलमाचा स्पष्ट उल्लेख असलेला अर्ज द्या. नकार मिळाला, तर तो लेखी मागून घ्या.