चित्र काढता येत नाही, तरी लेकीला अ‍ॅनिमेशनमध्ये जायचंय

ताई, पत्र वाचलं. लेक लातूरला नीटच्या क्लासला, बारावी सायन्स, रात्री रूमवर मोबाईलवर कार्टूनचे तुकडे कापून जोडत बसते आणि आता म्हणते अ‍ॅनिमेशन एडिटर व्हायचंय. तिचे पप्पा चिडलेत. तुम्ही विचारलंय की हिला साधं झाड धड काढता येत नाही, तर ही तिथं करणार काय अन् पोट तरी भरेल का.

आधी चित्राचं सांगतो. एडिटर चित्र काढत नाही, कोणतं चित्र किती वेळ दिसायचं ते बसवतो. सिरियलचं आधी शूटिंग होतं मग एडिटिंग, अ‍ॅनिमेशनमध्ये मात्र एडिटिंग आधीच सुरू होतं, कारण काही सेकंदांच्या हालचालीत आर्टिस्टचे दिवसच्या दिवस जातात आणि एवढं केलेलं नंतर कापून फेकणं कुणालाच परवडत नाही. म्हणून स्टोरीबोर्डची, म्हणजे गोष्ट प्रसंगाप्रसंगानं मांडलेली कच्ची चित्रं, ऑफिसातल्याच कुणाच्या तरी आवाजातले डायलॉग, तात्पुरतं म्युझिक असं एडिटिंगच्या सॉफ्टवेअरमधल्या टाइमलाइनवर, म्हणजे वेळेच्या पट्टीवर ओळीनं लावून अख्खी गोष्ट आधी बघून घेतात, त्याला अ‍ॅनिमॅटिक म्हणतात, आणि ते बसवायचं काम एडिटरचं. सिनेमात सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे 24 स्थिर चित्रं. समजा मांजर झेप घेते अन् उंदीर गायब, आता ते रिकामं बीळ 12 फ्रेम दाखवायचं का 20? फरक सेकंदाच्या तिसऱ्या हिश्श्याचा, पण पोरं हसणार का नाही ते तिथंच ठरतं. याला हात नाही, कान अन् नजर लागते, आणि तुमची लेक न सांगता रात्री हेच करत बसलीय ही मला फार मोलाची गोष्ट वाटते.

सुरुवात असिस्टंट म्हणून होते. कच्च्या चित्राच्या जागी तयार शॉट येत राहतात ते बदलायचे, फायलींची नावं अन् व्हर्जन चोख ठेवायची. किचकट काम आहे, घाईच्या माणसाचं नाही.

आता पोटाचं. छोटा भीम हैदराबादेत तयार होतो, तुमच्या उदगीरहून ते मुंबईपेक्षा जवळ. पण खरं सांगायचं तर आपल्याकडच्या स्टुडिओत बाहेरच्या देशातलं बरंच काम येतं आणि त्याचं अ‍ॅनिमॅटिक बऱ्याचदा तिकडूनच बनून येतं, म्हणून इथं अ‍ॅनिमेटर पुष्कळ लागतात, एडिटर थोडे. त्यामुळं तिनं सिरियल, जाहिरात, डॉक्युमेंटरी असं साधं एडिटिंगही पक्कं शिकावं, घर त्यावर चालतं.

कॉलेजचं म्हणाल तर अहमदाबादच्या एनआयडी या डिझाइनच्या संस्थेत अ‍ॅनिमेशनची पदवी आहे, बारावीनंतर. आयआयटी मुंबईच्या बी.डेस.साठी, म्हणजे डिझाइनच्या पदवीसाठी, युसीड ही प्रवेश परीक्षा द्यावी लागते, पण त्यात स्केचिंगचा भाग असतो, म्हणजे कामाला चित्रकला लागली नाही तरी तिथं दारात विचारतात, तेवढी तयारी करावीच लागेल. पुण्याच्या एफटीआयआय या सिनेमा शिकवणाऱ्या संस्थेत एडिटिंगचा तीन वर्षांचा कोर्स आहे, तो पदवीनंतर. म्हणून बारावी मात्र नीट पार पाडू द्या, नीटचा पेपरही देऊ द्या, मधेच क्लास सोडायला लावू नका.

पेपर झाला की एक करा. तिला आजीकडून एक छोटी गोष्ट आजीच्याच आवाजात रेकॉर्ड करू दे, काड्यांच्या माणसांची वीसेक चित्रं काढून मोबाईलवर फोटो घेऊ दे आणि दीड मिनिटाचं अ‍ॅनिमॅटिक बनवू दे. लॅपटॉप मिळाला तर ब्लेंडर हे चित्रं हलवायचं सॉफ्टवेअर फुकट आहे, डाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंगच्या सॉफ्टवेअरचंही फुकटचं व्हर्जन आहे. ते पप्पांना दाखवा, शेजारच्या लेकरांना दाखवा, पोरं कुठं कंटाळली ते तिनं बघावं अन् पुन्हा कापावं. तीन-चारदा बदलूनही तिचा उत्साह टिकला तर पुढं बोलू.

आणि तोवर शंभर टक्के प्लेसमेंट म्हणणाऱ्या कुठल्याही इन्स्टिट्यूटला लाखाची फी भरू नका. गेलात तर ब्रोशर बाजूला ठेवायला सांगा अन् म्हणा, तुमच्या पोरांनी बनवलेलं एक अ‍ॅनिमॅटिक दाखवा, आणि मागच्या बॅचची पोरं आत्ता कुठं कामाला आहेत त्यांच्याशी फोनवर बोलू द्या.