पट्टा एका बाजूला पळत असेल तर बोल्ट आवळण्याआधी सांधा तपासा

तुमच्या पोस्टमधलं यंत्र असं: दोन मीटर लांबीचा, ३०० मिमी रुंद पट्ट्याचा कन्व्हेयर (माल वाहून नेणारा फिरता पट्टा), खाली पत्र्याचा बेड, चढ साधारण १५ अंश, गाडीच्या काचेच्या वायपरची मोटर. पट्टा डावीकडे जाऊन फ्रेमला घासतो, ताण देणारा बोल्ट आवळला की थोडा वेळ बरा चालतो आणि मग उजवीकडे पळतो. ताण वाढवला तर मोटर तापते, कमी केला तर पुली (पट्टा फिरवणारा रूळ) नुसती फिरते. आता दोन्ही बाजूंना लोखंडी अँगल लावून पट्टा 'धरून' ठेवायचा तुमचा विचार आहे. हे दुखणं मला चांगलंच ओळखीचं आहे, म्हणून एवढं लांबलचक लिहितोय. फ्रेम कशी जोडायची वगैरे तुम्हाला येतंच, ते सोडून देतो.

आधी एक: ते अँगल लावू नका. पट्टा कडेने अँगलला दाबला गेला की कडेचे धागे सुटायला लागतात, कड दुमडते, आणि एकदा कड खराब झाली की तो पट्टा पुन्हा सरळ चालवणं जवळपास अशक्य. मालाला आधार म्हणून पट्ट्याच्या वर बाजूपट्ट्या असतात, तो वेगळा विषय. पट्ट्याला वळण लावायला त्या नसतात.

आता मुख्य गोष्ट. बोल्टला हात लावण्याआधी दोष पट्ट्यात आहे की फ्रेममध्ये, हे ठरवा. पट्ट्यावर चार ठिकाणी खडूने १, २, ३, ४ असे आकडे लिहा, त्यातला एक सांध्यावर, म्हणजे पट्ट्याची दोन टोकं जोडलेल्या जागेवर. शेपटाच्या पुलीजवळ (खालच्या, माल चढवायच्या टोकाची पुली) फ्रेमला एक स्टीलची पट्टी चिकटवा आणि पट्ट्याची कड तिच्यापासून किती लांब आहे ते प्रत्येक आकडा येताना बघा. पट्टा सावकाश चालवून निदान पाच-सात फेऱ्या होऊ द्या.

कड प्रत्येक फेरीत आत-बाहेर होत असेल आणि ते नेमकं एकाच आकड्यापाशी होत असेल, तर दोष पट्ट्यात आहे. बहुतेक वेळा सांध्यात. उलट, कुठलाही आकडा असो, पट्टा फ्रेमच्या एकाच जागी एकाच बाजूला सरकत असेल, तर दोष त्या जागेच्या आसपासच्या पुलीत, रोलरमध्ये किंवा फ्रेममध्ये. दोन्ही एकत्र असू शकतं. तुमच्या वर्णनावरून तुमच्याकडे दोन्ही आहे असं मला वाटतं, पण पट्टा डोळ्यांसमोर नाही, तेव्हा खडूवर विश्वास ठेवा, माझ्यावर नको.

सांध्याबद्दल थोडं सविस्तर, कारण माझा सगळ्यात जास्त पैसा आणि डोकं इथेच गेलं. पट्टा कापून जोडून देणारे बरेच जण कडेला गुण्या (काटकोन आखायची पट्टी) लावतात, रेघ मारतात आणि कापतात. गुण्याचं पातं जेमतेम वीतभर, आणि पट्ट्याची कड मोठ्या रोलमधून चिरलेली, तीही पूर्ण सरळ असेलच असं नाही. मग पट्टा वाकडा चालला की उत्तर ठरलेलं: "तुमची फ्रेम आउट आहे, चालवा, आपोआप बसेल." वाकडा सांधा आपोआप बसत नाही. फ्रेम तीनदा सोडून पुन्हा जुळवली तरी बसत नाही. नाव घेत नाही, पण पट्टा ताब्यात घेण्याआधी तिथेच जमिनीवर पसरून तपासा. तपासू देत नसतील तर तिथून घेऊ नका.

तपासायचं असं. पट्टा सपाट जमिनीवर ठेवा, सांधा मध्ये येऊ द्या. सांध्याच्या दोन्ही बाजूंना एकेक मीटरपर्यंत, दर २५० मिमीवर रुंदी मोजून मध्याची खूण करा. दोन टोकांच्या खुणांवर दोरी ताणा. ३०० मिमी रुंदीत एक टोक २ मिमी तिरकं कापलं गेलं असेल तर या दोन मीटरच्या दोरीवर सांध्यापाशी साधारण ३ मिमी फरक दिसतो. एक मिमीपर्यंत मी सोडून देतो. त्याहून जास्त असेल तर सांधा तोडून पुन्हा करायचा, दुसरा उपाय नाही.

इथे एक गैरसमज असतो. सांधा तिरका असणं हा दोष नाही. तिरके सांधे मुद्दाम करतात, ते पुलीवरून जाताना धक्का कमी देतात. दोन्ही टोकं एकाच कोनात कापलेली असली, पट्ट्याच्या दोन्ही कडांची लांबी सारखी राहिली आणि मध्यरेषा सांध्यातून सरळ गेली, की झालं. एक टोक काटकोनात आणि दुसरं किंचित तिरकं असेल तर मात्र एक कड लांब, एक आखूड होते. आखूड कड ताणलेली राहते, लांब कड सैल, आणि तो भाग पुलीवर आला की पट्टा बाजूला उडी मारतो.

काटकोन काढायला गुण्या नको. आधी टोकापासून मीटर-दीड मीटरची मध्यरेषा काढा. जिथे कापायचं त्याच्या साधारण ६०० मिमी आत मध्यरेषेवर एक बिंदू घ्या. दोरीला किंवा पट्टीला पेन्सिल लावून त्या बिंदूपासून दोन्ही कडांवर सारख्याच अंतराचे कंस मारा. कडांवरच्या त्या दोन खुणा जोडल्या की मध्यरेषेला बरोबर काटकोनात रेघ मिळते. नवीन ब्लेड आणि स्टीलची जाड पट्टी घेऊन एका दमात कापा. वेळ लागतो तो दहा मिनिटं.

जोड कुठला? घरच्या कामाला सळईवाली धातूची क्लिप बरी, कारण पट्टा काढता-घालता येतो. पण क्लिपमुळे लहान पुलीवर पट्टा नीट वळत नाही, ठक-ठक आवाज येतो आणि माल हलका असेल तर उडतो. गरम करून जोडलेला दातेरी सांधा गुळगुळीत असतो, पण मग पट्टा बसवायला फ्रेमची एक बाजू उघडता आली पाहिजे. हा विचार वेल्डिंग करायच्या आधी करायचा असतो, नंतर नाही.

पट्ट्याची लांबी: दोन्ही पुल्या सारख्या असतील तर मध्यापासून मध्यापर्यंतच्या अंतराची दुप्पट, अधिक ३.१४ गुणिले (पुलीचा व्यास + पट्ट्याची जाडी). २००० मिमी अंतर, ८८ मिमी पुली, २ मिमी पट्टा म्हणजे सुमारे ४२८३ मिमी. ताण देणारे बोल्ट जवळजवळ पूर्ण आत असताना मोजा आणि बाहेर निदान ५० मिमी जागा ठेवा. पट्टा एक टक्का ताणला तर ४३ मिमी वाढतो, म्हणजे शेपटाची पुली २१-२२ मिमी मागे घ्यावी लागते. बोल्टच्या शेवटाला पोचल्यावर पट्टा पुन्हा कापत बसणं फार कंटाळवाणं.

पुल्यांचं. पीव्हीसी पाइपच्या पुल्या करू नका, लोक कितीही सांगोत. ताणाखाली मध्ये दबतात, म्हणजे हवं त्याच्या नेमका उलटा आकार होतो, शिवाय घसरतात आणि स्थिर वीज साठवतात. ८० एनबीचा (हे पाइपचं बाजारातलं माप) जाड पाइप घ्या, बाहेरचा व्यास ८८.९ मिमी असतो. दोन्ही टोकांना चकत्या आणि त्यातून शाफ्ट, आधी सगळं वेल्ड करा आणि मग शाफ्टसकट लेथवर लावून ८८ पर्यंत टर्न करा (फिरवत छिलून घ्या). आधी टर्न करून मग वेल्ड केलं तर वेल्डिंगच्या ओढीने पुली डोलते. पुलीची रुंदी पट्ट्यापेक्षा ४०-५० मिमी जास्त, तुमच्यासाठी ३५०.

टर्न करतानाच मधला फुगवटा काढून घ्या. मधला तिसरा हिस्सा, म्हणजे साधारण १२० मिमी, सरळ ८८ वर ठेवा आणि तिथून दोन्ही टोकांकडे उतार देत टोकाला ८७ करा. एवढा एक मिमी पुरतो. पट्टा नेहमी मोठ्या व्यासाकडे चढतो, त्यामुळे तो स्वतःच मध्यावर येतो. शेपटाच्या पुलीला हे हवंच, पुढच्या पुलीलाही जमलं तर करा. जास्त फुगवटा दिला तर मात्र पट्ट्याच्या मध्ये सुरकुती पडते. आणि फुगवट्याने वाकडा सांधा सुधारत नाही, तो फक्त लहानसहान चुका पोटात घालतो.

फ्रेममध्ये तीन मापं: दोन्ही शाफ्टच्या मध्यांमधलं अंतर डावीकडे आणि उजवीकडे सारखं, कर्ण सारखे, आणि दोन्ही शाफ्टचा आडवा कल सारखा. तिसरं लोक विसरतात. चार पायांतला एक पाय जमिनीला टेकत नसेल तर फ्रेमला पीळ बसतो, आणि कर्ण बरोबर असूनही पट्टा पळतो. निदान एका पायाला बोल्टचं पाऊल द्या. लेव्हल दोन्ही पुल्यांवर आडवी ठेवून बघा. बुडबुडा मध्ये आलाच पाहिजे असं नाही, दोन्हीकडे एकाच जागी असला पाहिजे.

हे सगळं झाल्यावरच बोल्ट. शेपटाच्या पुलीवर पट्टा सैल बाजूकडे जातो, म्हणून तो ज्या बाजूला पळतोय तीच बाजू आवळा. एका वेळी पाव फेरा, मग पट्ट्याच्या पाच-सहा फेऱ्या होईपर्यंत हात खिशात. तुमचा पट्टा डावीकडून एकदम उजवीकडे जातो त्याचं एक कारण हेच, परिणाम दिसायच्या आत तुम्ही पुढचा फेरा मारता. परतीच्या बाजूला खाली एक रोलर असेल तर त्याच्या एका टोकाच्या ब्रॅकेटला लांबट खाच ठेवा. शेपटाच्या अलीकडचा हा रोलर किंचित तिरका करून बारीक जुळणी होते. नियम असा: पट्टा रोलरच्या ज्या टोकाला आधी टेकतो, त्या टोकाकडे सरकतो.

आणखी एक चोर कारण. लाकडाचा भुसा किंवा धातूचा कीस परतीच्या पट्ट्याच्या आतल्या बाजूला पडतो, शेपटाच्या पुलीत दाबला जातो आणि पुलीवर थर बसतो. म्हणजे रोज वेगळा फुगवटा, तोही हवा तिथे नाही. शेपटाच्या आधी, परतीच्या पट्ट्याच्या आतल्या पृष्ठभागावर व्ही आकाराची रबराची पट्टी टेकवा, टोक येणाऱ्या पट्ट्याकडे. कचरा दोन्ही बाजूंना बाहेर पडतो.

घसरण्याबद्दल. २० किलो माल, ३ किलो पट्टा, पत्र्यावर घर्षण गुणांक ०.३५ धरला तर साधारण ७९ न्यूटन, आणि १५ अंशांच्या चढाचे ५१, मिळून १३० न्यूटन ओढ. गुळगुळीत लोखंडी पुलीवर (गुणांक ०.२५, अर्धा वेढा) ही ओढ मिळवायला सैल बाजूला सुमारे १०९ न्यूटन ताण ठेवावा लागतो. पुलीवर रबर चिकटवलं (०.३५) तर ६५ पुरतात. म्हणजे ताण वाढवायच्या आधी चालवणाऱ्या पुलीला ३ मिमी रबर लावा. रबर सगळीकडे सारख्या जाडीचं हवं, नाहीतर फुगवट्याचं वाटोळं. आणि चालवणारी पुली वरच्या, माल पडणाऱ्या टोकाला ठेवा. तुमची खाली असेल तर भरलेली बाजू सैल राहते आणि घसरणं आलंच.

वायपर मोटर चांगली चीज आहे, पण काचेवर तिला एवढा सततचा भार नसतो. लेबलवरचा टॉर्क (फिरवण्याचा जोर) बहुधा मोटर अडकल्यावरचा असतो, तासभर चालवायचा नव्हे. ४४ मिमी त्रिज्येवर १३० न्यूटन म्हणजे ५.७ न्यूटन-मीटर, सुरुवातीच्या झटक्यासाठी दुप्पट धरा. मिनिटाला १४०० फेऱ्यांची ०.१२ किलोवॅटची मोटर आणि ४०:१ वर्म गिअरबॉक्स घेतला तर पुली मिनिटाला ३५ फेरे, पट्टा मिनिटाला ९.७ मीटर. वर्म गिअरबॉक्समध्ये ४० टक्के वाया गेले असं धरूनही टॉर्क भरपूर उरतो. वेग बदलायला ड्राइव्ह (मोटरचा वेग कमी-जास्त करणारं इलेक्ट्रॉनिक उपकरण) लावणार असाल तर मोटर थ्री फेज घ्या, कपॅसिटरवाली सिंगल फेज मोटर ड्राइव्हवर चालवू नका. आणि फार कमी वेगात मोटरचा स्वतःचा पंखाही मंदावतो, ती तापते.

जुनी ट्रेडमिल मिळत असेल तर तिच्या रोलरना बहुधा फुगवटा असतो आणि पट्टा आधीच जोडलेला, अर्धं काम झालं. तिचा मोटर कंट्रोलर मात्र बऱ्याचदा थेट मेन्सला जोडलेला, ट्रान्सफॉर्मरशिवाय असतो. विजेचं काम नीट येत नसेल तर त्याला हात लावू नका.

बेअरिंगला २० मिमी शाफ्टवर पुढे यूसीपी २०४ (बैठकीवर बोल्टने बसणारं), मागे सरकणारं यूसीटी २०४. ग्रब स्क्रूखाली (बेअरिंग शाफ्टवर पकडणारा बिनडोक्याचा स्क्रू) शाफ्टवर कानशीने छोटा सपाट भाग करा, नाहीतर शाफ्ट आडवा सरकतो आणि तुम्ही पुन्हा पट्ट्याला दोष देता.

ट्रॅकिंग, म्हणजे पट्ट्याची सरळ चाल, जुळवताना पुली आणि पट्टा जिथे एकमेकांत शिरतात तिथे बोट, बाही, हातमोजा काहीही जाऊ शकतं. जुळणीचे सगळे बोल्ट गार्ड (संरक्षक झाकण) लावलेलं असताना बाहेरून पान्याने फिरवता येतील अशा जागी ठेवा. फिरवायचा बोल्ट आत असेल तर गार्ड कायमचं कोपऱ्यात पडतं. साधा ऑन-ऑफ स्विच नको, कॉन्टॅक्टरवाला स्टार्टर लावा, म्हणजे वीज जाऊन आल्यावर पट्टा आपणहून सुरू होणार नाही. थांबवायचं लाल बटण दोन्ही टोकांना द्या, एकाच टोकाला दिलं तर माणूस नेमका दुसऱ्या टोकाला असतो.

खडूची चाचणी झाली की कुठल्या आकड्यापाशी किती मिमी सरकतो तेवढं इथे लिहा, आणि जमलं तर सांध्याचा दोरी ताणलेला फोटो टाका.