इंग्लंडातलं खेडं बघायचंय, कुठलं बघावं?

प्रश्न : ताई, मुलगी शेफील्डला असते. ऑगस्टअखेर आम्ही दोघं तिकडं निघालोय. लंडन मागच्या खेपेला झालं. आमच्या मंडळींचं माहेर भुदरगडातलं, त्यांना तिथलं खेडं बघायचंय. कुठलं बघावं?
– एक वाचक, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : दादा, ईमला जा. डर्बीशायरच्या डोंगराळ भागातलं गाव. शेफील्डहून सकाळी निघालात तर संध्याकाळी परत याल.

१६६५ साली लंडनहून इथल्या शिंप्याकडं कापड आलं. ओलसर होतं म्हणून विस्तवापुढं वाळत घातलं आणि त्यातल्या पिसवांबरोबर प्लेग गावात शिरला, असं सांगतात. पुढच्या उन्हाळ्यात मॉम्पेसन आणि स्टॅनली या दोन धर्मगुरूंनी गावाला विनवलं, कुणी शीव ओलांडायची नाही. गावानं ऐकलं. सुमारे २६० माणसं गेली. शाहू महाराजांच्या काळात आपल्याकडं प्लेग आला तेव्हा लोक गाव सोडून माळावर खोपी घालून राहिले, हे मी आजीकडून ऐकलेलं. म्हणून गाव न सोडणारी ही माणसं माझ्या मनातून हलत नाहीत.

चर्च बघून माघारी फिरू नका. स्टोनी मिडलटनच्या अंगाला शेतातनं पायवाट जाते. शेत खाजगी असलं तरी अशा वाटेनं चालायचा हक्क तिथं सगळ्यांना आहे. फाटक तेवढं मागं लावून घ्यायचं, जनावरं चरत असतात. त्या वाटेवर शिवेचा दगड आहे, भोकं पाडलेला. नाण्यांवरून रोग जाऊ नये म्हणून गावकरी भोकांत व्हिनेगर ओतून त्यात नाणी ठेवायचे, बाहेरची माणसं धान्य ठेवून नाणी न्यायची. मी गेले तेव्हा भोकांत पावसाचं पाणी साठलं होतं. बोट घालून बघितलं, काठ जात्याच्या तोंडासारखा गुळगुळीत लागला.

गावाबाहेर राइली नावाच्या शेतात गोल दगडी कुंपणात हॅन्कॉक कुटुंबाच्या समाधीशिळा आहेत. एलिझाबेथ हॅन्कॉकनं ८ दिवसांत नवरा आणि सहा मुलं स्वतःच्या हातानं पुरली. मला तिथं घास गेला नाही, डबा तसाच परत आणला.

ऑगस्टचा शेवटचा रविवार साधा. प्लेगात चर्च बंद ठेवून ज्या घळीत उघड्यावर प्रार्थना व्हायची, तिथं त्या दिवशी त्या माणसांच्या आठवणीसाठी गाव जमतं. विहिरींपाशी ओल्या मातीच्या फळ्यांवर फुलांच्या पाकळ्यांची चित्रंही मांडलेली असतात. वहिनींना ती दाखवाच. आणि चपला नकोत, पाणी न शिरणारे बूट घ्या.